खरेपणा माणसातून कागदात कसा गेला

१३२१ साली लंडनच्या न्यायालयात एका गवताच्या गाडीचा खटला उभा राहिला. वॉल्थमहून लंडनला गवत पोचवायचं एका गाडीवानानं कबूल केलं होतं आणि पोचवलं नाही, अशी फिर्याद. मामला एवढासाच. पलीकडून एकच प्रश्न आला: करार झाला म्हणता, तर खत कुठे आहे? खत म्हणजे चर्मपत्रावर लिहिलेला, मेणाची मोहोर लावलेला दस्त. तो फिर्यादीकडे नव्हता. गवताची गाडी ठरवताना कोण कारकून गाठून दस्त करायला जातं? न्यायाधीश होते विल्यम हर्ल. एका गाडीभर गवतासाठी आम्ही कायदा बदलणार नाही, असं ते म्हणाले.

हा खटला आजच्या माणसाला साधा वाटेल. पुरावा नाही तर दावा नाही, त्यात काय विशेष? पण त्या काळच्या शेतकऱ्याला हे ऐकून धक्का बसला असता. कारण त्याच्या गावात ‘तू शब्द दिला होतास’ एवढं म्हणणं पुरेसं असायचं.

या दोन जगांमधली दरी रिचर्ड फर्थ ग्रीन या अभ्यासकानं आयुष्यभर तपासली. ओहायो स्टेट युनिव्हर्सिटीत त्यांनी मध्ययुगीन इंग्रजी साहित्य शिकवलं. त्यांची दोन पुस्तकं मला फार महत्त्वाची वाटतात. १९९९चं ‘अ क्रायसिस ऑफ ट्रूथ’ कविता आणि कायदा यांच्याबद्दल आहे, तर २०१६चं ‘एल्फ क्वीन्स अँड होली फ्रायर्स’ पऱ्यांवरचा विश्वास आणि चर्च यांच्याबद्दल. दोन्ही विद्वानांसाठी लिहिलेली आहेत, त्यामुळे जडही आहेत. पण गाभ्यातली गोष्ट कुणालाही कळेल अशी आहे, आणि मराठी माणसाला तर जरा लवकरच कळेल.

कारण आपल्याकडे ‘खरा’ हा शब्द आहे. ‘बातमी खरी आहे’ म्हणताना आपण घडलेल्या गोष्टीबद्दल बोलतो. ‘तो शब्दाला खरा आहे’ म्हणताना माणसाबद्दल बोलतो. एकाच शब्दात वस्तुस्थितीही आहे आणि इमानही. इंग्रजीतला ‘ट्रूथ’ हा शब्द मुळात फक्त दुसऱ्या अर्थाचा होता: इमान, निष्ठा, दिलेला शब्द पाळणं. त्याचं जुळं रूप ‘ट्रोथ’ चर्चमधल्या लग्नविधीत आजही ऐकू येतं. ‘माझा ट्रोथ तुला देतो’ असं वर वधूला म्हणतो, तेव्हा तो काही माहिती देत नसतो, तो स्वतःला बांधून घेत असतो. ‘घडलं तसं सांगणं’ हा अर्थ या शब्दाला चिकटला तो चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धात, म्हणजे साधारण दुसऱ्या रिचर्ड राजाच्या काळात (१३७७ ते १३९९).

शब्दांचे अर्थ बदलतच असतात. ग्रीन यांचं म्हणणं असं, की हा बदल नुसता कोशातला नव्हता. आधी खरेपणा माणसात राहत होता. मग तो कागदात राहायला गेला. आणि हे स्थलांतर चालू असतानाच इंग्रजीतले सगळ्यात मोठे मध्ययुगीन कवी लिहीत होते.

आधीची व्यवस्था कशी चालायची? तुमच्यावर कर्जाचा दावा लागला आणि तुम्हाला तो मान्य नसला, तर तुम्ही शपथ घ्यायची. पण एकट्यानं नाही. सोबत अकरा-बारा जण उभे करायचे. ते घटनेचे साक्षीदार नसत, त्यांनी काही पाहिलेलं असण्याची गरजच नव्हती. ते एवढंच शपथेवर सांगायचे, की या माणसाची शपथ स्वच्छ आहे. प्रश्न ‘काय घडलं’ हा नव्हताच. ‘हा माणूस कसा आहे, आणि याच्यामागे उभं राहायला कोण तयार आहे’ हा प्रश्न होता. इंग्लंडच्या कायद्यातून ही पद्धत अधिकृतपणे गेली ती थेट १८३३ साली.

व्यवहार लक्षात राहावा म्हणून वस्तू देत. आपण जमिनीच्या सौद्यात इसार देतो, त्यातलीच ही कल्पना, फक्त पैशाच्या जागी काहीही चालायचं: मातीचं ढेकूळ, हातमोजा, चाकू. डरहॅम कॅथीड्रलच्या संग्रहात बाराव्या शतकातला असा एक चाकू आहे. पातं मोडलेलं, मूठ शिंगाची. स्टीफन डी बुल्मर नावाच्या माणसानं दिलेल्या दानाची ती खूण. मुठीवर लोविकच्या चॅपेलचं नाव लिहिलंय आणि मुठीला चर्मपत्राची एक चिठ्ठी बांधलीय. या चाकूकडे बघताना संक्रमणाचा नेमका क्षण हातात आल्यासारखा वाटतो. देणाऱ्याच्या लेखी चाकू म्हणजेच व्यवहार होता. चिठ्ठी बांधणाऱ्याला मात्र वाटलं, की पुढच्या माणसाला चाकू वाचता येणार नाही.

आणि अगदीच उलगडा होत नसला, तर दिव्य. हा शब्द मराठीला नवा नाही, मराठेशाहीतल्या न्यायाच्या कागदांत दिव्यांचे दाखले आहेत. इंग्लंडमध्ये आरोपीनं तापलेली लोखंडी सळई हातात धरून चालायचं, मग हात बांधून ठेवायचा आणि तीन दिवसांनी सोडून बघायचा. जखम स्वच्छ असेल तर निर्दोष. देव साक्ष देतो, असा त्यामागचा विश्वास. या विधीला पाद्री लागायचा. १२१५ साली रोममध्ये भरलेल्या चौथ्या लॅटरन धर्मसभेनं पाद्र्यांना यात भाग घ्यायला बंदी केली आणि चार वर्षांत इंग्लंडच्या राजानंही दिव्यं थांबवली. देवाची साक्ष बंद झाल्यावर माणसांनीच तथ्य शोधणं भाग पडलं. ज्यूरी पुढे आली, कागद पुढे आला.

कागद किती पुढे आला, याचा अंदाज मायकेल क्लँची या इतिहासकारानं एका सुंदर युक्तीनं बांधला. राजाच्या दफ्तरखान्यात मोहोरा उमटवायला किती मेण लागत होतं, ते त्यांनी पाहिलं. १२२०च्या दशकाच्या अखेरीस आठवड्याला सुमारे ३.६ पौंड. १२६०च्या दशकाच्या अखेरीस सुमारे ३२ पौंड. चाळीस वर्षांत जवळपास नऊपट मेण, म्हणजे गावागावांत पोचणारे तितके जास्त हुकूम, समन्स आणि सनदा.

त्या काळच्या एका बखरीत अर्ल वॉरेनची गोष्ट आहे. पहिल्या एडवर्ड राजाच्या न्यायाधीशांनी सरदारांना विचारलं, तुमचे हक्क कोणत्या सनदेनं? वॉरेननं गंजलेली जुनी तलवार समोर धरली आणि ‘ही माझी सनद’ म्हणाला. हे असंच घडलं का, याबद्दल इतिहासकारांना शंका आहे. पण ही गोष्ट सांगितली जात होती, लोकांना ती पटत होती, हे मला पुरेसं बोलकं वाटतं.

कागदाची दुसरी बाजू कठोर होती. एखाद्यानं मोहोरबंद कर्जरोखा लिहून दिला, मग कर्ज फेडलं, पण रोखा परत घेऊन रद्द करायचं राहून गेलं, तर सावकार त्याच रोख्यावर पुन्हा दावा लावू शकत असे आणि न्यायालय तो मान्य करी. पैसे दिल्याचं सगळ्या गावाला ठाऊक असलं तरी. खत म्हणतं देणं आहे, तर देणं आहे. इथे ‘खरं’ या शब्दाचा अर्थ पुरता फिरलेला दिसतो. खतातलं खरं आणि माणसांमधलं खरं समोरासमोर उभे आहेत, आणि माणसं हरली आहेत.

म्हणून जुनी गावव्यवस्था सोनेरी होती असं कुणी समजू नये. ज्याच्यामागे बारा जण उभे राहत नसत, त्या परक्याचं, निराधाराचं तिथे काही चालत नसे. ग्रीन वाचताना क्वचित असं वाटतं, की जुन्या जगाबद्दलची त्यांची माया थोडी जास्त आहे. तरीही त्यांनी दाखवलेली वेदना खरी आहे. लेस्टरशरच्या फॉलव्हिल भावांनी १३२६ साली राजाच्या खजिन्याचा न्यायाधीश रॉजर बेलर्स याचा खून केला आणि १३३२ साली रिचर्ड विलबी या न्यायाधीशाला पळवून नेऊन खंडणी घेतली. हे सरळसरळ गुंड होते. पण त्याच शतकातल्या एका थोर धार्मिक कवितेत, अन्यायानं बळकावलेलं परत मिळवायची एक रीत म्हणून ‘फॉलव्हिलांचा कायदा’ येतो, आणि तोही ईश्वरी कृपेनं माणसांना वाटून दिलेल्या देणग्यांमध्ये. राजाचा कायदा कुणाच्या तरी खिशात आहे असं वाटू लागलं, की सज्जनांच्या मनातही असा कोपरा तयार होतो.

१३८१च्या जूनमध्ये हे सगळं फुटलं. निमित्त डोईपट्टीचं होतं. केंट आणि एसेक्सची रयत लंडनवर चालून गेली. वाटेत आणि इतर परगण्यांत त्यांनी काय जाळलं? कुळांची देणी, वेठीचे दिवस, दंड यांची नोंद असलेली जमीनदारांची दफ्तरं. केंब्रिजच्या बाजारचौकात विद्यापीठाच्या सनदांची होळी झाली आणि मार्जरी स्टार नावाची एक म्हातारी राख वाऱ्यावर उधळत ओरडली, की कारकुनांची विद्या जाऊ दे, जाऊ दे! बंडखोरांचा परवलीचा प्रश्न होता, ‘कोणाच्या बाजूचा?’ उत्तर: ‘राजा रिचर्डच्या आणि खऱ्या रयतेच्या.’ जॉन बॉल या बंडखोर पाद्र्याच्या नावे फिरलेल्या पत्रांत एक ओळ आहे, तिचा आशय असा: खरेपणाला हात द्या, खरेपणा तुम्हाला हात देईल. इथे खरेपणा म्हणजे वस्तुस्थिती घेतली तर वाक्याला अर्थच उरत नाही. एकमेकांना दिलेला शब्द, असं वाचलं की लख्ख उजेड पडतो.

सेंट ऑल्बन्सच्या मठात तर फार विलक्षण प्रकार घडला. पूर्वी मठानं गावकऱ्यांची घरची जाती जप्त केली होती, धान्य मठाच्याच गिरणीत दळलं जावं म्हणून. ती जाती मठाच्या बैठकीच्या खोलीत फरशी म्हणून बसवली होती. गावकऱ्यांनी फरशी उखडली, दगड फोडले आणि रविवारी चर्चमध्ये प्रसादाची भाकरी वाटतात तसे त्यांचे तुकडे आपसांत वाटून घेतले. एकेक तुकडा म्हणजे डरहॅमचा चाकूच. पण गंमत अशी, की त्याच लोकांना एक सनदही हवी होती. ऑफा नावाच्या प्राचीन राजानं आपल्याला हक्क दिले आणि त्या सनदेची मोठी अक्षरं एक सोनेरी, एक निळं अशी होती, असं ते सांगत. मठाधिपती म्हणाला, अशी सनद माझ्याकडे नाही. ते लोक सरसकट कागदाच्या विरोधात नव्हते. आपल्या आठवणीतलं खरं कागदातही असेल, ही त्यांची श्रद्धा होती.

मराठी वाचकाला इथे १२ मे १८७५चा सुप्याचा बाजार आठवेल. पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि कर्जरोखे हिसकावून जाळले. हा नुसता योगायोग नाही. रोख्यावरचा अक्षरार्थ प्रमाण मानायची सवय इंग्रजी न्यायालयांसोबतच दख्खनेत आली होती. १८७९च्या शेतकरी कायद्यानं न्यायालयांना रोख्याच्या मागे जाऊन मूळ व्यवहाराचा इतिहास तपासायला सांगितलं, तेव्हा कुठे कागदामागचा माणूस पुन्हा दिसायला लागला.

आता कवींकडे येऊ. चॉसरच्या ‘कँटरबरी टेल्स’मधली डोरिजेन नवऱ्याची वाट बघत ब्रिटनीच्या किनाऱ्यावर बसलेली असते. समुद्रातल्या काळ्या खडकांची तिला भीती वाटते, नवऱ्याचं जहाज त्यांवर आपटलं तर? ऑरेलियस नावाचा तरुण प्रेमाची याचना करतो तेव्हा ती थट्टेत म्हणून जाते, हे सगळे खडक काढून टाक, मग मी तुझी. तो हजार पौंडांच्या बोलीवर ऑर्लेआँचा एक जादू जाणणारा पंडित गाठतो आणि खडक दिसेनासे होतात. आजचा वकील हा करार दोन मिनिटांत उडवून लावेल: थट्टेत दिलेला शब्द, अनैतिक हेतू, आणि खडक गेलेलेच नाहीत, ते नुसते दिसत नाहीत. पण तिचा नवरा ऐकून घेतो आणि म्हणतो, जा, शब्द पाळ, खरेपणा ही माणसानं जपण्यासारखी सर्वांत मोठी गोष्ट आहे. म्हणतो आणि रडू लागतो.

ग्रीन यांना वाचण्याआधी मला हा नवरा असह्य वाटायचा. आता कळतं, की जुन्या व्यवस्थेत शब्द उच्चारला की तो बंदुकीतून सुटलेल्या गोळीसारखा, मनात काय होतं हे कुणी विचारत नाही. चर्चच्या विवाह-कायद्यातही असंच होतं. ‘मी तुला आत्ता पती मानते’, ‘मी तुला आत्ता पत्नी मानतो’ एवढं दोघांनी एकमेकांना म्हटलं की लग्न लागलं, मग पाद्री नसो की साक्षीदार नसो. पाद्री आणि साक्षीदारांची सक्ती रोमन चर्चनं १५६३ साली केली. शेवटी ऑरेलियसला त्या दोघांची कणव येते आणि तो डोरिजेनला मोकळं करतो, पण कसा? ‘प्रत्येक शपथ, प्रत्येक बंधन यांतून तुम्हाला मुक्त करतो’ अशा शब्दांत. ही प्रेमिकाची भाषा नाही, हक्क सोडल्याच्या दस्ताची भाषा आहे. जुना शब्द सोडवायला चॉसरला नव्या कागदाची बोली घ्यावी लागली.

श्रद्धेच्या बाबतीतही असंच दोन पातळ्यांवर चाललं होतं, आणि ग्रीन यांचं दुसरं पुस्तक त्याबद्दल आहे. १२१५च्या त्याच धर्मसभेनं प्रत्येक प्रौढ ख्रिस्ती माणसाला वर्षातून एकदा पापांची कबुली सक्तीची केली. त्यामुळे पाद्र्याला पहिल्यांदाच घराघरातल्या समजुतींची चौकशी करायचं साधन मिळालं. रानातल्या पऱ्या लोकांना खऱ्या वाटत. विद्वानांच्या लेखी त्या सैतानाची भुतावळ होत्या. कवितेत पऱ्या दिसल्या की आपण कल्पनाविलास म्हणून सोडून देतो. ग्रीन म्हणतात, थांबा, ऐकणाऱ्यांपैकी कित्येकांचा त्यांवर विश्वास होता आणि तो ठेवणं जोखमीचं होत चाललं होतं. १४३१ साली जोन ऑफ आर्कला खटल्यात विचारलं गेलं, तुझ्या गावाजवळच्या पऱ्यांच्या झाडाबद्दल सांग. तिनं जपून उत्तर दिलं: म्हाताऱ्या माणसांकडून ऐकलंय, मी स्वतः पऱ्या पाहिल्या नाहीत. एकोणीस वर्षांच्या मुलीला लहानपणी झाडाला हार बांधल्याचा खुलासा धर्मपंडितांपुढे करावा लागतो, हे वाचताना आजही पोटात गलबलतं.

राहता राहिला विल्यम लँगलंड. फॉलव्हिलांचा उल्लेख ज्या कवितेत आहे ती याचीच, ‘पिअर्स प्लाउमन’. यात ख्रिस्त नरकाच्या दारात येतो तो वादीसारखा. शेकडो वर्षांची वहिवाट आहे, हे आत्मे माझे, असा ल्युसिफरचा, म्हणजे सैतानाचा, दावा. ख्रिस्ताचं उत्तर, की तू त्यांना कपटानं घेतलंस, मी कायद्यानं आणि न्यायानं सोडवून नेतो. त्याच काळात ‘ख्रिस्ताची सनद’ नावाच्या कविता लोकप्रिय होत्या. त्यात ख्रिस्ताची कातडी हेच चर्मपत्र, जखमा ही अक्षरं, रक्त हे मोहोरेचं मेण. खेडुतांना दफ्तरशाहीची भीती होती, म्हणून कुणीतरी स्वर्गाचं खतच त्यांच्या हाती दिलं.

पण या कवितेतला मला सगळ्यात हलवून टाकणारा प्रसंग वेगळा आहे. ‘ट्रूथ’, म्हणजे साक्षात देव, पिअर्स या नांगरधाऱ्याला क्षमापत्र पाठवतो. तिथला पाद्री म्हणतो, दाखव, मी तुला इंग्रजीत समजावून सांगतो. पत्रात फक्त दोन लॅटिन ओळी असतात: सत्कर्म करणारे शाश्वत जीवनात जातील, दुष्कर्म करणारे शाश्वत अग्नीत. पाद्री म्हणतो, यात क्षमा कुठेच नाही. पिअर्स संतापून पत्राचे दोन तुकडे करतो. दोन जगं या एका पत्रावर आदळतात: एकाला ते पाठवणाऱ्याचा शब्द वाटतं, दुसऱ्याला ते तपासायचा मजकूर वाटतो.

हा प्रसंग १३८१च्या आधी लिहिलेला. बंडात जॉन बॉलच्या पत्रांमध्ये पिअर्स नांगरधाऱ्याचं नाव आलं, तो कामाला लागो, असं. बंड मोडलं, बॉलला फाशी झाली. लँगलंडनं पुढे कवितेचा नवा मसुदा केला. त्यात पत्र येतं, पाद्री वाचतो, दोन ओळी त्याच आहेत, वाद होतो. पत्र मात्र पिअर्स फाडत नाही.